पाहुणे दोन, डोंगा एक

बालाघाट जिल्हा दाखवावा तर मीच दाखवावा! हे मी म्हणत नव्हतो, आमची अख्खी कचेरी म्हणायची. जबलपूरहून साहेब आला, साहेबाचा मेहुणा आला, मेहुण्याचे मित्र आले, की बडेबाबू चष्म्यावरून माझ्याकडे बघायचे. "घनश्याम, इनको जरा जिला दिखा दो!" झालं! हातातली फाईल तिथेच टाकून मी उठायचो. भरवेलीची खाण, बैहरचा घाट, सालाचं जंगल, जुनी देवळं! कोणत्या झाडावर वानरं बसतात आणि कोणत्या देवळाचा पुजारी किती वाजता झोपतो, सगळं तोंडपाठ. एका साहेबाने तर निरोप घेताना मला विचारलं होतं, "तुम्ही कचेरीत काम कधी करता?" मी ते आजवर कौतुकच समजत आलो.

त्यामुळे माझ्या बहिणीसाठी तिसरं स्थळ आलं तेव्हा मी जराही घाबरलो नाही. आधीची दोन स्थळं हुकली होती, पण त्यात अंजनाचा काडीचा दोष नव्हता. पोरगी मॅट्रिक झालेली, दिसायला नीटस, हाताला चव, आणि अक्कल माझ्या दुप्पट. (हे मायचं मत आहे. मी फक्त नोंदवतो.) अडचण होती मुलखाची! छप्पन साली नकाशावर रेघ ओढली गेली, आमचे सगळे सोयरे रेघेच्या तिकडे राहिले आणि आम्ही इकडे मध्य प्रदेशात. तेव्हापासून तिकडच्या लोकांना वाटतं, राजेगाव ओलांडलं की माणसं संपतात आणि वाघ सुरू होतात! पहिल्या स्थळाने लिहिलं, "मुलगी पसंत, पण इतक्या जंगलात सोयरीक नको." दुसऱ्याने तेच लिहिलं, फक्त अक्षर वाईट होतं. अंजनाला तेविसावं लागलं होतं. वडील गेलेले. म्हणजे सगळा भार माझ्यावर.

तिसरं स्थळ तुमसरचं. मुलगा प्रेमलाल, शाळेत मास्तर. त्यालाही वडील नव्हते, मामाने वाढवलेला. पुनारामजी हे ते मामा, आणि त्यांचा शब्द म्हणजे त्या घरात शेवटचा शब्द. त्यांचं पोस्टकार्ड आलं: मार्गशीर्षातल्या दुसऱ्या रविवारी सकाळच्या छोट्या गाडीने आम्ही दोघे येतो, संध्याकाळच्या साडेपाचच्या गाडीने परततो, कारण सोमवारी गोंदियाला दुसरी मुलगी पाहायची आहे.

दुसरी मुलगी! म्हणजे आमच्या हातात एकच दिवस. मी ठरवलं, या माणसांच्या डोक्यातलं जंगलच काढून टाकायचं. यांना असा निसर्ग दाखवायचा, अशी देवळं दाखवायची, की मामाने म्हणावं, सोयरीक करावी तर बालाघाटातच!

आणि दाखवायला मजजवळ होता महादेवाचा टापू! गावापासून दोन मैलांवर वैनगंगेच्या पात्रात हे बेट आहे. मधोमध महादेव, एका टोकाला मारुती, दुसऱ्या टोकाला देवी. अर्जुनाची जुनी झाडं, बांबूची बेटं, पाण्यावर बगळे. मुलगी तिथेच दाखवायची! महादेवाच्या पायरीवर, अर्जुनाच्या सावलीत!

मायला सांगितलं तर तिने कपाळाला हात लावला. "पोरगी घरी दाखवतेत, बापा! पाटावर बसवून! तू नदीत काहून दाखवून राह्यला?"

"माय, याले निसर्ग म्हणतेत."

"मंग निसर्गाचंच लगन लावून दे त्या मास्तराशी!"

अंजना चुलीपाशी होती. तिने मान वर न करता विचारलं, "दादा, ते मले पाहाले येऊन राह्यले का टापू पाहाले?"

मी हसलो. बायकांना योजना म्हणजे काय ते कळत नाही, असं मला त्या वेळी वाटायचं. कचेरीच्या टाईपरायटरवर मी कार्यक्रमपत्रिका काढली, कार्बन लावून चार प्रती! सकाळी आठ: घरची मंडळी जेवण घेऊन टापूवर. नऊ पंचवीस: पाहुणे (२) व मार्गदर्शक (१) यांचे डोंग्यातून प्रस्थान. नऊ पन्नास: मंदिर क्रमांक एक. दहा दहा: निसर्ग. अकरा: मुलगी पाहणे. साडेअकरा: पुन्हा निसर्ग.

कागद इतका सुबक झाला होता की बडेबाबूंनीही एक प्रत मागून घेतली. चूक होती ती फक्त एका जागी, आणि ती मलाही दिसली नाही. मी लिहिलं होतं "पाहुणे (२)". ते दोघं एकमेकांचे कोण लागतात, हे लिहायला माझ्या तक्त्यात रकानाच नव्हता!

रविवारी आठ वाजता माझी बायको विमला आणि अंजना जेवणाची टोपली घेऊन टापूवर पोचल्या. त्यांना नेलं महागूने. महागू हा त्या घाटाचा नावाडी, महिन्याभरापूर्वीच आलेला. जुना नावाडी थकला म्हणून घाट याच्याकडे आला होता. डोंगा एकच. लांबट, सागाचा, चार माणसं आणि एक टोपली सहज मावेल असा.

पाहुण्यांना स्टेशनावरून टांग्याने मी घाटावर आणलं. पुनारामजी म्हणजे काळा कोट, पांढऱ्या मिशा आणि काखेत छत्री. प्रेमलाल उंच, देखणा, आणि काहीही विचारा, उत्तर एकच: "मामा म्हणतील तसं." मला मुलगा फार आवडला. अंजनाशेजारी शोभला असता, हे मी आजही सांगतो.

"बसा जी, बसा! नऊ पंचवीस होत आहेत!" मी पाहुण्यांसमोर ठेवणीतली मराठी काढली.

पुनारामजींनी काठावरून इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. "दुसरा डोंगा कुठं आहे?"

"दुसरा कशाला? यातच मावतो की आपण सगळे!"

महागूने हातातला बांबू वाळूत आडवा ठेवला. पुनारामजींच्या मिशा थरथरल्या.

"मामा आणि भाचा? एका डोंग्यात?"

आणि तेव्हा मला आठवलं! मामा-भाच्याने एका नावेत बसू नये, हे आमच्या मुलखात बाळकडूबरोबर पाजतात. माझे सख्खे मामा मला जत्रेला न्यायचे तेव्हा मला पहिल्या खेपेला पाठवायचे आणि आपण दुसऱ्या खेपेला यायचे. दोघं एका नावेत बसले तर नदी दोघांतला एक ठेवून घेते! हे सगळं मला ठाऊक होतं! पण पंधरा वर्षं कचेरीत बसून माणसाची नाती जातात आणि आकडे उरतात.

"बाप नसलेला माझा भाचा," पुनारामजी जड आवाजात म्हणाले, "त्याला बुडवायला आणलंत का इथं?"

मी हात जोडले, कान धरले, कार्यक्रमपत्रिका घडी करून खिशात घातली. शेवटी महागूनेच तोड काढली. "आधी मामाजीले नेतो. मंग डोंगा आनतो अन् भाच्याले नेतो. त्यात का हाये!" पुनारामजी शांत झाले. ते डोंग्यात बसले, त्यांच्यामागे मी एक पाय टाकला.

"थांबा, बाबूजी," महागू म्हणाला. "आता सगळ्याइचं नातं आधीच इचारून घेतो. पान्याचं काम हाये. तुमच्या मायचं माहेर कोनतं?"

"डोंगरबोडी!" मी अभिमानाने सांगितलं. "रुख्माबाईचा मुलगा मी."

महागूचे डोळे केवढे झाले! "रुख्मीचा पोरगा? अगा, मी बी डोंगरबोडीचाच! तुयी माय अन् मी एका नाल्यात खेकडे धरले! म्हंजे तू त माया भाचा!"

आणि तो वाकून माझ्या पाया पडला! आमच्याकडे मामाच भाच्याच्या पाया पडतो, त्यामुळे त्यात चुकीचं काही नव्हतं. मलाही भरून आलं. पाया पडून तो उठला, डोळे पुसले, आणि म्हणाला, "उतर खाली."

"अहो, पण हे गावनातं! सख्खं थोडंच आहे?"

"नातं ते नातं. पान्याले का समजते, सख्खं कोनतं अन् गावचं कोनतं?"

"माणूस समजदार आहे," पुनारामजी डोंग्यातून म्हणाले.

मी उतरलो! जिल्हा दाखवणारा मी, सतरा साहेबांना जिल्हा दाखवलेला मी, काठावर! आणि पाहुणे एकटेच टापूवर! पण मी हिंमत सोडली नाही. दोन्ही हातांचा कर्णा केला आणि काठावरूनच माहिती द्यायला सुरुवात केली.

"पुनारामजीऽऽ! डावीकडे मारुतीचं मंदिर! फार प्राचीन!"

आता मी इकडे तोंड करून, ते तिकडून माझ्याकडे तोंड करून. माझं डावं ते त्यांचं उजवं! ते आपल्या डावीकडे वळले. तिथे बांबूखाली एक म्हातारं वानर बसलं होतं. पुनारामजींनी चपला काढल्या, छत्री ठेवली आणि मनोभावे हात जोडले. वानर छत्री घेऊन झाडावर गेलं.

"हे कुठल्या शतकातलं?" पुनारामजी ओरडले. ते छत्रीबद्दल रागाने विचारत होते की देवळाबद्दल भक्तीने, हे मला काठावरून कळेना. मी म्हटलं, "बाराव्याऽऽ!"

एवढं होईतो महागूने डोंगा घेऊन परत यायला हवं होतं. प्रेमलाल माझ्या शेजारी दगडावर बसून पोटावरून हात फिरवत होता. पण टापूवर काही वेगळंच चाललं होतं. नंतर विमलाने जे सांगितलं ते असं: महागू पाणी प्यायला टेकला. पाणी दिलं अंजनाने. महागूने सहज विचारलं, "बाई, तुमी बाबूजीच्या कोन?"

"बहीन."

"सख्खी?"

"हौ."

महागू मटकन वाळूत बसला. "म्हंजे रुख्मीचीच पोरगी! मायी भाची! अन् सकाळी मीच आनली न वो तुले डोंग्यातून!"

"मंग का झालं, मामा?" अंजना म्हणाली. "आली न मी सुखरूप."

"आतावरी आली, बाई. पानी लगेच नाई सांगत."

पुनारामजी छत्रीकडे बघत उभे होते, ते गर्रकन वळले. भाची म्हणजे भाचाच, नदी काही फरक करत नाही, असा त्यांनी निकाल दिला. मुलीवर दोष आला! आणि दोष फिटेपर्यंत आपल्या भाच्याची नजरसुद्धा तिच्यावर पडता कामा नये! विमला सांगते, तेव्हा अंजनाचा चेहरा पाहवत नव्हता. तिने फक्त विचारलं, "फिटते कसा?"

महागूला उपाय ठाऊक होता. उलटी खेप! जशी आणली तशी परत त्याच काठावर नेऊन सोडायची. मग प्रश्न आला की परत नेताना पुन्हा मामा-भाची एकाच डोंग्यात! पण महागू काही कच्च्या गुरूचा चेला नव्हता. "मी डोंग्यात नाई बसत," तो म्हणाला. "मी पान्यात उतरतो अन् मांगून लोटतो!"

काठावरून मला एवढंच दिसलं की माझी बहीण डोंग्यात एकटी बसली आहे आणि मागे पाण्यात महागूचं फक्त मुंडकं आहे. मला वाटलं, तिला माझ्याकडे पाठवताहेत! म्हणजे इथेच, काठावर, प्रेमलालसमोर! मी घाईघाईने प्रेमलालची कॉलर नीट केली. तेवढ्यात टापूवरून गर्जना झाली.

"प्रेमलाऽऽल! तोंड फिरव! दोष फिटेपर्यंत मुलीकडे पाहू नको!"

आणि प्रेमलालने तोंड फिरवलं! नदीकडे पाठ करून तो शिपायासारखा ताठ उभा राहिला.

"अहो, जरा तरी बघा!" मी अक्षरशः विनवलं. "येतेच आहे ती! सरळ तुमच्याचकडे!"

"मामा म्हणतील तसं," तो झाडाकडे बघत म्हणाला.

पुढचं मी सांगतो, पण हसू नका. डोहाच्या मध्यापर्यंत महागूने डोंगा बरोबर लोटला. मग मार्गशीर्षातल्या पाण्याने त्याला कापरं भरलं, हात सुटला, आणि डोंगा डोहाच्या शेपटाकडे, धारेकडे वळला. घाट राहिला बाजूला! डोंगा खाली निघाला! अंजना एकटी! मी काठाने धावत सुटलो. पाटलोण काट्यात फाटली, एक चप्पल गेली. खोटं कशाला बोलू, तेवढ्या वेळात मला ना स्थळ आठवलं, ना लग्न. नदी एक ठेवून घेते, एवढं एकच वाक्य डोक्यात घुमत होतं. मी रडत होतो आणि धावत होतो.

पण बहीण माझी नव्हे, मायची मुलगी! तिने पडलेला बांबू उचलला, उभी राहिली, दोन ठिकाणी तळ चाचपला आणि अर्ध्या मैलावर डोंगा काठाला लावला. मी पोचलो तेव्हा ती कमरेपर्यंत चिखलात उभी राहून डोंगा ओढत होती. महागू आधीच बाहेर येऊन कुडकुडत बसला होता. अंजनाच्या लुगड्याचा रंग ओळखू येत नव्हता. वेणी सुटलेली.

"फिटला का दोष, मामा?" तिने विचारलं.

"फिटला वो बाई!" महागूचे दात वाजत होते. "जिथं उतराची तिथं नाई उतरली, पन काठ तोच हाये."

आम्ही घाटावर परत आलो, तर दगडावर प्रेमलाल नाही! टापूकडे पाहिलं, तर महादेवाच्या पायरीवर दोन माणसं बसलेली. एक पुनारामजी. दुसरा प्रेमलाल!

काठावर म्हशी राखणाऱ्या एका म्हाताऱ्याने उलगडा केला. नदीकडे पाठ करून प्रेमलाल उभा राहिला, आणि मग पाठ तशीच ठेवून काठाने वर वर चालत गेला. वरच्या अंगाला म्हशी पाण्यात शिरत होत्या. भूक लागलेली, जेवण टापूवर, मामाही टापूवर. त्याने सरळ एका म्हशीची शेपटी धरली आणि गेला पलीकडे! भर डोहात ज्या वेळी माझी बहीण दोष फेडायला इकडे येत होती, त्याच वेळी मुलगा म्हशीमागे तिकडे जात होता!

आता दोष फिटला होता, मुहूर्त होता, मुलगा होता, मुलगी होती. फक्त मध्ये नदी होती! अंजनाला महागू नेईना, कारण ती भाची. मला नेईना, कारण मी भाचा. तेव्हा मुलालाच इकडे आणायचं, पण मामाबरोबर नाही. दोघांच्या दोन खेपा.

"दादा," अंजना म्हणाली, "असल्या अवतारात मी कोनाच्याच पुढं नाई उभी राहात. मी घरी जातो. तू त्याइले घरीच आन."

तेही बरोबरच होतं. मी तिला टांग्यात बसवलं. "तयार होऊन बस. चार वाजता पाहुणे घरी!"

"पक्कं?"

"पक्कं!" मी म्हणालो.

घाटावर तेवढा एकच टांगा होता आणि त्याला परत ये म्हणायचं राहिलं, हे टांगा वळणावर दिसेनासा झाल्यावर माझ्या ध्यानात आलं.

डोंगा धारेविरुद्ध ओढून घाटावर आणायला आम्हांला दीड तास लागला. पहिल्या खेपेला मान म्हणून पुनारामजी आले. ते खूश होते! "काय जागा आहे हो! काय झाडं! आम्हाला वाटलं होतं नुसतं रान असेल." माझ्या जिवात जीव आला. आता मुलाला आणायचं की घर! महागू गेला आणि रिकाम्या डोंग्याने परत आला.

"पावने झोपले," तो म्हणाला. "बाईनं इचारलं, उठवू का?"

प्रेमलालने टापूवर पोचताच अंजनाच्या हातच्या पुरणाच्या पोळ्या खाल्ल्या होत्या. बारा! विमलाने मोजल्या नव्हत्या. त्याने स्वतःच नंतर सांगितलं, फार कौतुकाने. खाऊन तो देवीच्या देवळात आडवा झाला होता. विमला बाहेर उभी राहून बांगड्या वाजवत होती, खाकरत होती, पण परक्या पुरुषाला, त्यातून उद्याच्या जावयाला, हाक मारून उठवायचं कसं?

"उठऽऽव!" मी नदीच्या या काठावरून इतक्या जोरात ओरडलो की सगळे बगळे उडाले. प्रेमलाल मात्र उठला नाही. महागू पुन्हा गेला, त्याला उठवलं, आणि त्याला आणि विमलाला घेऊन आला तेव्हा पाचला दहा कमी होते.

स्टेशन उजवीकडे, घर डावीकडे. दोन्हीकडे पायी.

"चला जी घरी!" मी म्हणालो. "मुलगी तयार आहे. पाच मिनिटं फक्त!"

प्रेमलाल थांबला. दिवसभरात पहिल्यांदाच तो आपल्या मनाने बोलला. "हौ मामा, मुलगी तं पाहाची राह्यलीच!"

मला त्याला मिठी मारावीशी वाटली. पण पुनारामजींनी कोटाच्या खिशातून घड्याळ काढलं. "आणि गाडी? गोंदियाच्या लोकांना शब्द दिलाय. सकाळी वाट पाहतील ते."

मी हात जोडले. पाया पडलो. आज राहा म्हणालो, घरी बिछाना आहे म्हणालो, पहाटेच्या गाडीने पोचवतो म्हणालो. विमलाने डोळ्यांना पदर लावला. पुनारामजी हळहळले, खरंच हळहळले. पण शब्द म्हणजे शब्द. "प्रेमलाल, तू काय म्हणतोस?"

ते शेवटचे चार-पाच क्षण मी आयुष्यात विसरणार नाही. प्रेमलालने घराच्या रस्त्याकडे पाहिलं. मग मामाकडे पाहिलं.

"मामा म्हणतील तसं."

मी त्यांना स्टेशनावर पोचवलं. करणार काय! गाडी हलली तेव्हा माझा हात आपोआप वर गेला आणि तोंडातून निघालं, "ते समोर दिसतात ते भरवेलीकडचे डोंगर." दोघांनी खिडकीतून वाकून पाहिलं आणि माना डोलावल्या.

घरी आलो. दार उघडंच होतं. अंजना पाटावर बसली होती, मायच्या हिरव्या लुगड्यात, ओल्या केसांची नवी वेणी घालून. समोर ट्रेमध्ये चहाच्या कपबशा झाकून ठेवलेल्या. मायने माझ्यामागे पाहिलं. विमलामागे पाहिलं. मग दारापर्यंत जाऊन रस्त्यावरही पाहिलं.

"पावने?"

जन्मात पहिल्यांदा मला माहिती देता आली नाही. अंजनाने कपबशांवरचं झाकण काढलं. "घे दादा," ती म्हणाली. "थंडा झाला असंन."

पंधरा दिवसांनी पुनारामजींचं पोस्टकार्ड आलं. मी ते मोठ्याने वाचलं, कारण मायला वाचता येत नाही, आणि वाचायला लागल्यावर मध्येच थांबता येत नाही.

"गोंदियाची मुलगी चि. प्रेमलालने पाहिली व पसंत केली. लग्न माघात आहे. आपल्या भगिनीबद्दल आमचे काहीएक म्हणणे नाही. मुलगी धीराची आहे, हे मी स्वतः पाहिले. परंतु प्रेमलालचे म्हणणे, जी पाहिलीच नाही तिला हो कसे म्हणावे. असो. आपला मुलूख मात्र फार रमणीय आहे. तिकडे नुसते जंगल आहे म्हणतात ते खोटे, असे आम्ही सर्व सोयऱ्यांस कळवीत आहोत. लग्न झाल्यावर नवीन सुनेस घेऊन टापूवरच्या महादेवाचे दर्शनास येण्याचा विचार आहे. सर्व काही आपणच दाखवावे, अशी प्रेमलालची खास इच्छा."

"लिही, येऊ नका म्हनून!" माय कडाडली. "कोन्या तोंडानं येतेत!"

अंजना तांदूळ निवडत होती. निवडता निवडताच म्हणाली, "येऊ दे न, माय. देवाच्या दर्शनाले येऊन राह्यले, त्याइले नाई काहून म्हनाचं? दादा, लिही, या म्हना." तिने एक खडा काढून बाजूला टाकला. "फक्त पुरनाच्या पोया या बारीले मी नाई करत."

मी उत्तर लिहिलं. माघ आणि फाल्गुन दोन्ही महिने मी रजेवर, गावात नाही, असं कळवलं. मग रजेचा अर्जही केला. बडेबाबूंनी तो परत पाठवला आहे. त्यात रजेचं कारण लिहायचं राहून गेलंय म्हणे.